तारेच्या मुंबईकडच्या टोकाहून
(पोर्थकर्नोच्या संग्रहालयास अनावृत पत्र)

प्रिय पोर्थकर्नो,

मराठीत तुला याआधी कुणी पत्र लिहिलं असेल असं वाटत नाही. इंग्लंडच्या नैर्ऋत्य टोकाला, कॉर्नवॉलमधल्या एका चिंचोळ्या दरीत तू आहेस. दरी संपते तिथं वाळू, आणि वाळूपुढं अटलांटिक. आमच्याकडं तुझं नाव फार थोड्यांना ठाऊक आहे. तरी मला तुझ्यावर हक्क सांगायचा आहे आणि तो चारचौघांत सांगायचा आहे, म्हणून हे पत्र उघडं लिहिते.

जून १८७० मध्ये तुझ्या वाळूवर जी केबल आणली गेली, ती लिस्बनजवळचं कार्कावेलोश, जिब्राल्टर, माल्टा, अलेक्झांड्रिया, सुएझ आणि एडन असे मुक्काम करत मुंबईला पोचत होती. सुरुवात तुझ्याकडं आणि शेवट आमच्याकडं, असं तुझ्या बाजूनं म्हणता येतं. मी मुंबईत राहते. माझ्या बाजूनं पाहिलं तर सुरुवात इथं होते.

वाचणाऱ्यांना आधी तुझी ओळख करून देते. ‘पीके’ ही तुझ्या स्टेशनची तारखात्यातली खूण. ती आजही तुझ्या नावात आहे. १८७० ते १९७० अशी शंभर वर्षं तुझ्या दरीत केबल स्टेशन चाललं. दोन महायुद्धांच्या मधल्या काळात १४ केबल तुझ्या किनाऱ्यावर येऊन मिळत, आणि जगातलं सर्वांत मोठं समुद्री केबल स्टेशन असा तुझा लौकिक होता. स्टेशन बंद झालं तरी तिथलं प्रशिक्षण महाविद्यालय १९९३ पर्यंत चालू राहिलं. मग १९९८ मध्ये, दुसऱ्या महायुद्धात खोदलेल्या बोगद्यांमध्ये, तुझं संग्रहालय उभं राहिलं. पोस्टाची आणि दूरसंचाराची संग्रहालयं जगात इतरही आहेत. बर्लिनला मोठं आहे, बर्नला आहे, लंडनला पोस्टाचं आहे, दिल्लीत डाक तिकिटांचं राष्ट्रीय संग्रहालय आहे. तुझं वेगळेपण हे की तुझ्या वस्तू कुठून आणून मांडाव्या लागल्या नाहीत. काम जिथं झालं तिथंच तू ते काम दाखवतोस.

ते काम कशासाठी उभं राहिलं, ते मुंबईकडून सांगायला हवं. मे १८५७ मध्ये मेरठला उठाव झाला आणि लंडनला त्याची खबर लागायला दीड महिना गेला. इतक्या उशिरानं समजणारा मुलुख हातात ठेवायचा कसा, या धास्तीनं ब्रिटिश सरकारनं तारेचा ध्यास घेतला. १८५९-६० मध्ये तांबड्या समुद्रातून एडनमार्गे कराचीपर्यंत केबल टाकली गेली. इथून तिथवर एकही सलग संदेश न नेता ती निकामी झाली. भागधारकांना सरकारनं हमी दिलेली असल्यामुळं त्या बंद केबलचे पैसे पुढं कित्येक वर्षं भरले जात होते. १८६४ मध्ये इराणच्या आखातात नवी केबल पडली आणि १८६५ पासून तुर्कस्तानच्या जमिनीवरच्या तारांमार्गे लंडनशी बोलणं सुरू झालं. पण त्या वाटेवर इंग्रजी न येणारे तारमास्तर एकमेकांकडून संदेश उतरवून घेत आणि पुढं पाठवत. पोचेपर्यंत कधी आठवडा जाई, कधी त्याहूनही अधिक, आणि हातात पडे तो मजकूर ज्याचा त्यालाही लागत नसे.

मुंबईच्या व्यापाऱ्याला तर बातमी म्हणजेच पैसा होता. अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं, तिथला कापूस लँकेशायरच्या गिरण्यांना मिळेनासा झाला आणि आमच्या कापसाला सोन्याचा भाव आला. शेअर निघाले, बँका निघाल्या, समुद्र बुजवून जमीन करणाऱ्या कंपन्या निघाल्या. १८६५ च्या वसंतात ते युद्ध संपलं. भाव कोसळले, आणि १ जुलै १८६५ या हिशेब चुकते करायच्या दिवशी मुंबईतली मोठमोठी नावं बुडाली. ज्याला बातमी आधी कळेल तो तरेल, हा धडा या शहरानं तेव्हा घेतला. पाच वर्षांनी तुझी केबल आली ती अशा शहराच्या किनाऱ्याला.

तिला आणलं ग्रेट ईस्टर्न या जहाजानं. अभियंता ब्रुनेल यानं बांधलेलं हे जहाज सुमारे २११ मीटर लांब होतं, त्या काळातलं जगातलं सर्वांत मोठं. प्रवासी वाहतुकीत ते आतबट्ट्याचं ठरलं, पण हजारो मैलांची केबल पोटात घेऊन जाणारं दुसरं जहाजच नव्हतं. सुएझचा कालवा नोव्हेंबर १८६९ मध्ये खुला झाला, पण हे धूड केप ऑफ गुड होपला वळसा घालून जानेवारी १८७० च्या अखेरीस मुंबईच्या बंदरात आलं. तेव्हा ते पांढऱ्या रंगानं रंगवलेलं होतं. केबलमधल्या तांब्याच्या तारेभोवती गटापार्चा या झाडाच्या चिकाचं वेष्टण होतं आणि गटापार्चा उष्णतेनं मऊ पडतो. म्हणून केबलची वेटोळी पाण्यानं भरलेल्या टाक्यांत ठेवलेली, आणि जहाज तापू नये म्हणून बाहेरून पांढरा रंग. फेब्रुवारीत कॅप्टन रॉबर्ट हॅल्पिननं मुंबईहून एडनकडं केबल सोडायला सुरुवात केली. सुमारे १,८०० सागरी मैलांचा हा टप्पा. म्हणजे पोर्थकर्नो, तुझ्या वाळूत केबल पुरली गेली त्याच्या चार महिने आधी आमच्याकडची पुरून झाली होती. वडीलकीचा मान मागत नाही, पण क्रम नोंदवून ठेवते.

तुझी निवडही आयत्या वेळची. केबल टाकणाऱ्या कंपनीच्या नावात फाल्मथ होतं आणि केबल फाल्मथलाच यायची होती. पण तिथलं बंदर गजबजलेलं, जहाजांच्या नांगरांनी केबल तुटायची भीती. म्हणून ही आडबाजूची, कोणी नांगर टाकणार नाही अशी खाडी शोधली गेली. २३ जून १८७० च्या रात्री कंपनीचा सूत्रधार जॉन पेंडर यानं लंडनमधल्या आपल्या घरी मेजवानी दिली. प्रिन्स ऑफ वेल्स हजर होते. सिमल्याला व्हाइसरॉय लॉर्ड मेयोंना तार गेली आणि पाहुणे निघण्याआधी उत्तर आलं. त्या रात्रीचं कौतुक इतिहासाच्या पुस्तकांत भरपूर झालं आहे. मला त्या रात्री मुंबईच्या आणि एडनच्या स्टेशनात जागणाऱ्या माणसांचं कौतुक अधिक आहे, कारण संदेश आपोआप पुढं जात नव्हता. प्रत्येक मुक्कामावर कुणीतरी तो वाचत होतं आणि पुढच्या तारेवर नव्यानं वाजवत होतं.

हे वाचणं म्हणजे काय, ते मला तुझ्याकडं आल्यावर उमजलं. लंडनहून रेल्वेनं पेन्झान्स, तिथून बसनं अरुंद रस्त्यांनी तुझी दरी. बोगद्याचा जाडजूड दरवाजा ओलांडला की बाहेरचा वारा एकदम थांबतो आणि यंत्रांचा आवाज ऐकू येतो. काचेच्या कपाटातली मुकी यंत्रं पाहायची सवय असलेल्या मला तू चालती यंत्रं दाखवलीस, हे तुझं मोठंच देणं.

त्यातला सायफन रेकॉर्डर मी बराच वेळ पाहत उभी राहिले. विल्यम थॉमसन, म्हणजे पुढचे लॉर्ड केल्विन, यांनी तो बनवला. हजार-दीड हजार मैल समुद्राखालून आलेला प्रवाह इतका क्षीण असतो की त्यानं लोखंडी पट्टी हलत नाही. आमच्या तारघरात ऐकू येणारं कट्ट-कडकट्ट त्याच्यानं वाजणार नाही. म्हणून थॉमसननं केसासारखी बारीक काचेची नळी घेतली. तिचं एक टोक शाईत, दुसरं सरकत्या कागदी पट्टीवर. चुंबकाच्या दोन ध्रुवांमध्ये बारीक तारेचं हलकं वेटोळं टांगलेलं, आणि नळी त्या वेटोळ्याला रेशमाच्या धाग्यानं जोडलेली. प्रवाह एका दिशेनं आला की नळी एका बाजूला झुकते, उलट आला की दुसऱ्या. पट्टीवर एक न तुटणारी नागमोडी रेघ उमटत जाते. वरचा उंचवटा म्हणजे टिंब, खालचा म्हणजे रेष. एक अक्षर संपल्यावर रेघ जरा सरळ चालते, मग पुढचं अक्षर. समुद्र लांबचा असेल तर उंचवटे एकमेकांत मिसळतात, आणि वाचणाऱ्याला सवयीनं ओळखावं लागतं की हा एकच मोठा उंचवटा आहे की दोन चिकटलेले. त्या रेघेवर कापसाचा भाव येई, कुणाच्या मृत्यूची खबर येई, सैन्याच्या हालचालीचा हुकूमही येई. वाचणाऱ्याला सगळं सारखंच दिसे. रेघ कुठं वर गेली आणि कुठं खाली, एवढंच त्यानं पाहायचं.

वाळूवरची तुझी केबल हटही मला विसरता येत नाही. बाहेरून कुणाची अवजारं ठेवायची खोली वाटावी इतकी लहान. आत भिंतीतून केबलची टोकं वर आलेली, आणि प्रत्येकीवर ती कुठं जाते त्याची पाटी. एवढ्याशा जागेतून हाताच्या अंतरावर जिब्राल्टर. तिथं उभं राहिल्यावर साम्राज्य हा शब्द डोळ्यांना दिसतो. हे साम्राज्य फौजेवर आणि बोटींवर जितकं उभं होतं तितकंच या टोकांवर होतं. म्हणून तर १९४० मध्ये जर्मन स्वारीची भीती दाटताच तुझ्या डोंगरात ग्रॅनाइट फोडून बोगदे खणायला कॉर्नवॉलच्या खाणकामगारांना बोलावलं गेलं. मे १९४१ मध्ये तारयंत्रं भूमिगत झाली. बोगद्याच्या मागच्या बाजूनं डोंगरावर निघायला सुटकेचा जिना ठेवलेला आहे. तो चढताना माणसाला कळतं की यंत्रांइतकीच त्या आतल्या माणसांच्या जिवाचीही तेव्हा कोणीतरी काळजी केली होती.

आता हक्काचं बोलते.

तुझी केबल राज्यकर्त्यांसाठी आणि व्यापाऱ्यांसाठी टाकली गेली, यात लपवण्यासारखं काही नाही. दर शब्दाला पैसे पडत आणि ते सामान्य माणसाच्या आवाक्याबाहेर होते. म्हणून पेढ्यांनी सांकेतिक शब्दांची जाडजूड पुस्तकं ठेवली. एका निरर्थक शब्दात अख्खं वाक्य बसवायचं, म्हणजे एका शब्दाच्या पैशात सौदा उरकतो. केबलनं कापसाचे भाव रोज मुंबईत आणले, आणि भावांबरोबर सट्टाही आला. न्यूयॉर्कच्या कापूस बाजारातून येणाऱ्या उघडत्या आणि बंद होणाऱ्या भावांच्या आकड्यांवर मुंबईत पैसे लागायचे. १९६० च्या दशकाच्या सुरुवातीला ते आकडे यायचे थांबले आणि त्या जागी मडक्यातून चिठ्ठ्या काढणं सुरू झालं. आमच्या गिरणगावात घराघरांची धूळधाण करणारा मटका तो हाच. सातासमुद्रापारच्या तारांचे असेही वंशज असतात, हे तुझ्या दालनात येणाऱ्या शाळकरी मुलांना कळायला हवं.

आणि एडन. नकाशावर ते तुझ्या केबलचं एक मधलं स्टेशन. आमच्या मनात त्या गावाचं नाव वेगळ्या कारणानं कोरलेलं आहे. एडनचा कारभार तेव्हा मुंबई इलाख्यातून चालायचा. इंग्रजांविरुद्ध बंड केलेल्या वासुदेव बळवंत फडक्यांना जन्मठेप झाली आणि त्यांना एडनच्या तुरुंगात नेऊन ठेवलं. कोठडीचं दार बिजागऱ्यांतून उखडून ते निसटले, पुन्हा पकडले गेले, आणि फेब्रुवारी १८८३ मध्ये तिथंच वारले. ज्या गावात लंडन आणि मुंबई एकमेकांशी रात्रंदिवस बोलत होत्या, त्याच गावात हा माणूस आपल्या माणसांपासून तोडलेला होता. संपर्काचा इतिहास लिहिताना कोणाला संपर्क मिळाला हे जसं सांगायचं, तसं कोणाचा तोडला गेला हेही सांगायला नको का? तुझ्या नकाशावर एडनच्या ठिपक्याशेजारी हे नाव असावं अशी माझी मागणी आहे.

पण तारेचा एक गुण असा की मालक कोणीही असो, ती बातमी अडवून धरू शकत नाही. २२ जुलै १९०८ ला मुंबई हायकोर्टात लोकमान्य टिळकांना सहा वर्षांची शिक्षा झाली. शिक्षेची जेवढी वर्षं तेवढे दिवस, म्हणून मुंबईच्या गिरणी कामगारांनी सहा दिवस संप केला. गिरण्या बंद पडल्या, रस्त्यांवर गोळीबार झाला. ५ ऑगस्टला, म्हणजे अवघ्या दोन आठवड्यांत, रशियातून परागंदा झालेल्या लेनिनचा लेख जिनिव्हाहून निघणाऱ्या पत्रात छापून आला, आणि त्यात टिळकांवरच्या शिक्षेची आणि मुंबईच्या संपाची दखल होती. तेव्हा मुंबईची डाक बोटीनं युरोपात पोचायलाच जवळजवळ दोन आठवडे लागत. तारेवाचून हे घडणं शक्य नव्हतं. राज्य राखायला ज्या तारा ओढल्या, त्यांवरून लालबाग-परळच्या माणसांनी काय केलं ते जगाला कळलं. ते कामगार तुझ्या इतिहासातले आहेत, पोर्थकर्नो. तारेचे पैसे त्यांनी भरले नव्हते, पण त्या आठवड्यात तारेवर जाण्याजोगी गोष्ट त्यांनीच घडवली होती.

पुढची गोष्ट तर आमच्याच मातीत घडली. १९२७ मध्ये हिंदुस्थान आणि इंग्लंड यांच्यामधली बीम वायरलेस ही बिनतारी सेवा सुरू झाली. इकडून पाठवायचं केंद्र पुण्याजवळ खडकीला, घ्यायचं केंद्र दौंडला. वायरलेस स्वस्त पडू लागलं आणि तुझ्या केबल कंपन्यांचा धंदा इतका खालावला की १९२९ मध्ये केबल आणि मार्कोनीचं वायरलेस एकाच कंपनीखाली आणावं लागलं. केबल अँड वायरलेस हे पुढचं नाव त्यातूनच आलं. दौंड म्हटलं की आमच्या लोकांना रेल्वेचं जंक्शन आठवतं. दौंडच्या माळावरच्या आकाशतारांनी लंडनचा आवाज झेलला होता आणि तुझ्यासारख्या बलाढ्य स्टेशनाला घाम फोडला होता, हे किती दौंडकरांना कोणी सांगितलं?

१ जानेवारी १९४७ ला, स्वातंत्र्याच्या काही महिने आधी, परदेशी तारांचा इथला कारभार सरकारनं ताब्यात घेतला आणि ओव्हरसीज कम्युनिकेशन्स सर्व्हिस सुरू झाली. १९७१ मध्ये जुन्नर तालुक्यातल्या आर्वीला भारताचं पहिलं व्यापारी उपग्रह भूकेंद्र उभं राहिलं. विक्रम साराभाईंच्या स्मरणार्थ त्याचं नाव विक्रम. नारायणगावच्या द्राक्षबागांच्या शेजारी ती भलीमोठी तबकडी आकाशाकडं तोंड करून उभी राहिली आणि परदेशातला टेलिफोन घराघरांत येऊ लागला. याच ओव्हरसीज सर्व्हिसमधून पुढं झालेल्या विदेश संचार निगमनं १५ ऑगस्ट १९९५ ला सर्वसामान्यांसाठी इंटरनेट खुलं केलं. आणि १९९७ मध्ये इंग्लंडपासून जपानपर्यंत सुमारे २८,००० किलोमीटरची फ्लॅग नावाची प्रकाशतंतूंची केबल सुरू झाली. इंग्लंडमध्ये ती समुद्रात शिरते पोर्थकर्नोच्या किनाऱ्यावरून. वाटेतल्या तिच्या मुक्कामांत मुंबई आहे. १८७० मध्ये जोडलेली दोन गावं सव्वाशे वर्षांनी पुन्हा एका केबलवर आली. आपलं नातं इतिहासजमा झालेलं नाही, हे तुला आणि मला दोघांनाही माहीत असावं.

आमच्याकडं तार ही पोस्टाच्या हातून घरात आली. १९१४ मध्ये पोस्ट आणि तार ही खाती एक झाली आणि १९८५ मध्ये पुन्हा वेगळी. मधल्या ७० वर्षांत गावोगावच्या पोस्टात एका खिडकीवर तिकिटं आणि दुसरीवर तारेचा फॉर्म असं चित्र होतं. समुद्राखालून आलेला मजकूर शेवटी सायकलवरून आलेल्या तारवाल्यानंच दारात दिला. शुभेच्छांच्या ठरीव वाक्यांना आकडे दिलेले होते. लग्नाला आठ नंबरची तार करायची, म्हणजे सुखी आणि दीर्घ संसाराच्या शुभेच्छा पोचत, आणि पैसे फक्त आकड्याचे पडत. लग्नघरात कोणीतरी मोठ्या आवाजात आलेल्या तारा वाचून दाखवी. तारेचा धसका घेणाऱ्यांच्या गोष्टी खूप सांगितल्या जातात. तारेनं आलेला हा आनंद मात्र फारसा कोणी लिहून ठेवला नाही.

१४ जुलै २०१३ च्या रात्री भारतातली तार बंद झाली. हुतात्मा चौकातल्या सेंट्रल टेलिग्राफ ऑफिसात त्या दिवशी रांगा लागल्या होत्या. आयुष्यात कधी तार न केलेली तरुण मुलंही आई-वडिलांना, मित्रांना तार करायला आली होती. लोकांना काय हरवतंय ते कळत होतं. खिडकी बंद झाल्यावर त्या कळण्याचं पुढं काय झालं, याची मला खंत आहे. तुझं स्टेशन बंद पडल्यावर तुझ्याकडच्या लोकांनी यंत्रं भंगारात जाऊ दिली नाहीत, ती तेलपाणी करून चालती ठेवली. कंपनीची दफ्तरं, फोटो, नकाशे जपले. एक तंत्र कालबाह्य झालं म्हणून त्यातलं शहाणपण टाकून द्यायचं नसतं, हे तू दाखवलंस. त्यासाठी माझा तुला मनापासून नमस्कार.

या नमस्काराच्या जोरावर काही मागते. तुझ्या दफ्तरखान्यात मुंबई आणि एडन स्टेशनांविषयी जे जे असेल त्याच्या प्रती आमच्या अभ्यासकांना सहज मिळाव्यात, इंग्लंडचा व्हिसा काढल्याशिवाय. मुंबई इलाख्याची सरकारी दफ्तरं इथं एल्फिन्स्टन कॉलेजच्या इमारतीतल्या पुराभिलेखागारात आहेत. कंपनी काय लिहीत होती ते तुझ्याकडं, सरकार काय लिहीत होतं ते आमच्याकडं. दोन्ही कागद शेजारी ठेवून वाचले गेले तर या तारेचा पुरता इतिहास लिहिता येईल, नाहीतर दोन्हीकडं अर्धाच राहील.

दुसरं मागणं गटापार्चाविषयी. मलायाच्या जंगलातल्या झाडाच्या चिकाशिवाय तुझी एकही केबल समुद्रात टिकली नसती. झाड तोडून पाडायचं आणि त्यातून मूठ-दोन मूठ चीक मिळवायचा, अशी ती रीत होती. केबलची भूक वाढली तशी सिंगापूर आणि मलायातली ती झाडं एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपर्यंत जवळजवळ संपली. रानात शिरून ती शोधणारी माणसं तिथलीच होती. पेंडरचं नाव जितक्या ठळक अक्षरांत लिहिलं जातं, तितक्याच ठळक अक्षरांत या झाडांची आणि माणसांची गोष्ट लिहिली जावी.

हे पत्र वाचणाऱ्या माझ्या लोकांनाही सांगते, कारण सगळं पोर्थकर्नोनं करावं आणि आपण टाळ्या वाजवाव्या हे बरं नाही. खडकी, दौंड, आर्वी, फोर्टमधलं तारघर आणि मुंबईच्या किनाऱ्यावर केबल येण्याच्या जागा, एवढं सगळं एका दिवसाच्या अंतरात आहे. जगाच्या दूरसंचाराचा दीडशे वर्षांचा पट दाखवायला याहून सोयीचा प्रदेश कुठं सापडेल? शाळेच्या सहली किल्ल्यांवर जातात, तशा या ठिकाणीही गेल्या पाहिजेत. तिथं निदान एक पाटी हवी, एक चालतं यंत्र हवं, आणि ते चालवून दाखवणारं माणूस हवं.

ती माणसं अजून आपल्यात आहेत. तारखात्यात मोर्स शिकून लागलेले, मग टेलिप्रिंटरवर गेलेले, शेवटी संगणकावर तारा पाठवून निवृत्त झालेले कितीतरी जण मुंबई, पुणे, नागपूरला पेन्शनीत आहेत. एक अक्षर चुकलं तर काय अनर्थ होतो, दंगलीच्या रात्री खिडकीवर काय गर्दी असते, पूर आला की कोणती तार आधी सोडायची, हे त्यांना पाठ आहे आणि कुठल्याच दफ्तरात लिहिलेलं नाही. पोर्थकर्नो, तुझ्या यंत्रांशेजारी उभं राहून जुने तारमास्तर पाहुण्यांशी बोलतात. आमच्या तारमास्तरांचं बोलणं आम्ही मराठीत नोंदवून घेतो, तू त्याला तुझ्या दालनात जागा दे. काम लगेच सुरू व्हायला हवं, कारण त्यांचं वय आपल्यासाठी थांबणार नाही. तू हो म्हणालास तर पहिली नोंद या वर्षाच्या आत तुझ्याकडं पोचवायची जबाबदारी मी माझ्यावर घेते.

कळावे, लोभ आहे तो वाढावा, ही विनंती.

मुंबईहून,
तुझ्या तारेच्या या टोकाची एक लेखिका